जीभ आत ठेव, लायमन

मिलर्स बेंड, इंडियाना
११ जानेवारी १९८३

लायमन,

आजोबांचा आशीर्वाद आहेच, पण आधी हे सांग, तुमच्या बसचे टायर कोणी बघितलेत का? मी आयुष्यभर शाळेची बस चालवली. बर्फात टायर गुळगुळीत असला की बस तिच्या मर्जीने जाते, ड्रायव्हर नुसता सोबतीला. तुमच्या ड्रायव्हरचं नाव काय? पितो का? आणि तुझ्या पायात लोकरीचे मोजे आहेत की तेच ते भोकाचे?

रविवारी टोलेडोचं टीव्ही स्टेशन लागलं, तुमचा बास्केटबॉलचा सामना होता. नेडीनचं हॉटेल रविवारी बंद असतं, म्हणून तीच येऊन टीव्हीवरच्या अँटेनाची शिंगं धरून उभी राहिली. तिने सोडली की चित्र जातं. पडद्यावर मुंग्या होत्या, पण तू लगेच ओळखू आलास. चेंडू हातात आला की घाईघाईने दुसऱ्याला देऊन टाकणारा अख्ख्या मैदानात तू एकटाच. लायमन, तू रिंगकडे का फेकत नाहीस? दोन हात आहेत, डोळे आहेत, समोर रिंग आहे. गोठ्याच्या भिंतीवर मी रिंग ठोकून दिली ती काय दुसऱ्यांना पास द्यायला? तिथे तर तू एकटाच होतास. तेव्हाही गाईला पास द्यायचास.

तो तुमचा लांब्या बॉइड, ताडासारखा रिंगखाली उभा राहतो, तू चेंडू त्याच्या हातात ठेवतोस, तो वरून सोडतो, आणि टाळ्या त्याला. आपल्या गावातली पद्धत तरी शिकव त्याला. ज्याने चेंडू दिला त्याच्याकडे बास्केट टाकणाऱ्याने बोट दाखवायचं. इथे अजून सगळे पाळतात. परवा नेडीनचं टेंडरलॉइन सँडविच इतकं झकास झालं होतं की मी तिच्याकडे बोट दाखवलं. तिने लगेच खिडकीबाहेर, डुकरांच्या दिशेने दाखवलं.

हो, एक चांगला माणूस भेटला. हिरवी टोपी घालतो, शाळांना स्कोअरबोर्ड विकत फिरतो. नेडीनकडे शेजारी बसला, मला सँडविच घेऊन दिलं, आणि तू माझा नातू म्हटल्यावर उठून हात मिळवला. तुझ्या लहानपणच्या गोष्टी ऐकून डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसला. अशी माणसं हल्ली कुठे भेटतात?

मोज्यांचं कळव.

आजोबा


टोलेडो, ओहायो
२३ जानेवारी

आजोबा,

मोजे लोकरीचे आहेत. ड्रायव्हरचं नाव क्लाइड. तो पीत नाही, चर्चमध्ये गातो. बस चालवतानाही गातो. प्यायला असता तर परवडलं असतं. टायर मी पाहिले, गोल आहेत.

आता तुमचा कायमचा प्रश्न. शाळेत होतो तेव्हा विचारलात, कॉलेजात विचारलात, मोठ्या लीगने मला दोनदा बोलावून दोनदा घरी पाठवलं तेव्हाही तुम्ही म्हणालात, फेकत नाही म्हणून काढला. आजोबा, पॉइंट गार्ड म्हणजे वाढपी. कोणाला भूक लागली आहे, कोणाचं ताट रिकामं आहे, कोण आधीच ढेकर देतोय, हे बघत फिरायचं. वाढप्यानेच पातेल्यात तोंड घातलं तर पंगत उठून जाईल. बॉइडला चेंडू हवा तिथे, हवा तेव्हा मिळतो, म्हणून तो ताड वाटतो. एरवी तो जिना चढतानाही पडतो.

पण एक गोष्ट सांगायची होती. हे माझं शेवटचं वर्ष असेल. मी एकतिसाचा झालोय, आणि कोच गोर्स्कीने परवा सगळ्यांसमोर सांगितलं, पुढच्या हंगामात माझ्या जागी कॉलेजातून कोणीतरी ताजा आणणार. "लायमन," म्हणाला, "तुझं डोकं मला हवंय, पण ते तुझ्या गुडघ्यांवर बसवलंय." आमच्या या छोट्या लीगच्या अंतिम सामन्याला मोठ्या लीगचा माणूस येणार आहे. तिथपर्यंत पोचलो आणि त्याच्या नजरेत भरलो तर तिसऱ्यांदा बोलावतील. नाहीतर मी मिलर्स बेंडला येतो आणि शाळेची बस चालवतो. तुम्ही रोज फाटकात उभे राहून टायर बघालच.

तुमचा,
लायमन


मिलर्स बेंड
२ फेब्रुवारी

लायमन,

बसचं नाव काढू नकोस. ती नोकरी चांगली, पण पाठ जाते. आणि पोरं मागून कागदाचे बोळे मारतात.

शेवटचं वर्ष म्हणालास, तेव्हापासून माझं पोट ठीक नाही. नेडीन म्हणते सँडविचमुळे. मी म्हणतो काळजीमुळे. दोन्ही चालू आहे.

टोपीवाला पुन्हा आला होता. तुझी फार आस्थेने चौकशी करत होता. मी म्हटलं, मोठ्या लीगचे लोक आंधळे आहेत. तो म्हणाला, अगदी आंधळे. पटलं मला. त्याने दुसरं सँडविच मागवलं.

कोचला सांग गुडघ्याला गरम मीठ बांधतात. आणि फेकत जा रे.

आजोबा


टोलेडो
१५ फेब्रुवारी

आजोबा,

मी बाकावर बसून हे लिहितोय. मैदानातल्याच बाकावर, सराव चालू असताना, कारण मला आता दुसरं काम नाही.

शनिवारी पिओरियाच्या संघाशी खेळलो. पहिला पास बॉइडला दिला, मध्येच पिओरियाच्या पोराने उचलला. दुसरा उजवीकडे दिला, तिथे त्यांचा माणूस आधीच उभा, जणू मी चिठ्ठी पाठवून बोलावलं होतं. मग तर त्यांच्या बाकावरचे लोकही ओरडायला लागले, "जीभ! जीभ! डावीकडे!" आणि मी डावीकडेच देत होतो.

जीभ, आजोबा. मला एकतीस वर्षांत माहीत नव्हतं की पास देण्याआधी माझी जीभ बाहेर येते, आणि ज्या बाजूला जीभ त्या बाजूला चेंडू जातो. बॉइडला माहीत नव्हतं. गोर्स्कीला माहीत नव्हतं. जगात हे फक्त एका माणसाला माहीत होतं, कारण त्याने मला गाईचं दूध काढताना, बुटाची नाडी ओवताना आणि गोठ्यासमोर खेळताना पाहिलंय.

सामना संपल्यावर त्यांचा गार्ड, मोठा मिठ्ठास बोलणारा, माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाला, "आजोबांना नमस्कार सांग. पुढचं सँडविच माझ्याकडून."

हिरवी टोपी त्यांच्या बाकाच्या मागे बसली होती. तो स्कोअरबोर्ड विकतो हे खरं आहे. उरलेल्या वेळात तो पिओरियासाठी दुसऱ्या संघांची बित्तंबातमी काढतो.

गोर्स्की म्हणाला, "तोंड शिवून घे, नाहीतर घरी जा." चेष्टा करत नव्हता.

लायमन


मिलर्स बेंड
१९ फेब्रुवारी

लायमन,

मी काहीही सांगितलेलं नाही.

म्हणजे जिभेचं सांगितलं. पण ते मी लाडाने सांगितलं. तो म्हणाला, लहानपणी कसा होता? मी म्हटलं, इतका मन लावून खेळायचा की जीभ बाहेर. तो म्हणाला, खरंच? कुठल्या बाजूला? आता कोणी इतक्या प्रेमाने विचारलं तर माणूस काय खिडकीबाहेर बघत बसेल? मी त्याला करूनही दाखवलं. दोन्ही बाजूंना. खुर्चीवरून उठून.

पत्र वाचल्यावर मी नेडीनला वाचून दाखवलं. ती म्हणाली, "हार्लन, तुझ्या पोटात पाणी राहत नाही आणि दोन वेळा सँडविच मात्र राहतं." मी रागावून निघालो, मग टोपी विसरलो म्हणून परत गेलो, तेव्हा ती पुन्हा तेच बोलली.

मी सहावीत शाळा सोडली, लायमन, मला डावपेच कळत नाहीत. पण माझ्यामुळे तुझी जागा गेली तर मी काय करू? गोर्स्कीला मी पत्र लिहू का? की हा म्हातारा मूर्ख आहे, पोराची चूक नाही?

च्युइंगम चघळ. तोंडात काही असलं की जीभ घरात राहते. गाईचं दूध काढताना मी तुला गाजर द्यायचो.

आजोबा


टोलेडो
६ मार्च

आजोबा,

गोर्स्कीला काहीही लिहू नका. देवाशपथ लिहू नका.

च्युइंगम चालला. मी परत संघात आहे, आम्ही जिंकतोय, आणि अंतिम सामन्यात पोचलो तर समोर पिओरियाच असणार.

आता एक अगदी आतली गोष्ट, फक्त तुमच्यासाठी. जीभ थांबली, पण मला नवी सवय लागली आहे. बॉइडला चेंडू द्यायचा असला की मी आधी डाव्या हाताने चड्डी वर ओढतो. दर वेळी. सुटतच नाही. पिओरियाला हे कळलं तर मी संपलो. म्हणून हे कुणालाही सांगू नका. नेडीनमावशीलासुद्धा नाही.

लायमन


टोलेडो
६ मार्च

नेडीनमावशी,

आजोबांना मी आजच एक गुपित लिहिलंय. ते साफ खोटं आहे. मी चड्डी ओढत नाही.

ते गुपित लवकरात लवकर हिरव्या टोपीपर्यंत पोचलं पाहिजे. म्हणजे अंतिम सामन्यात मी चड्डी ओढली की त्यांचे सगळे बॉइडवर तुटून पडतील आणि मी चेंडू दुसरीकडे वाढीन. त्यासाठी तुम्ही फक्त एवढं करा. टोपीवाला आला की त्याला आजोबांशेजारी बसवा, आणि दोघांना खाऊ घाला. बाकीचं आजोबा स्वतःच करतील. आजवर त्यांनी एकही गोष्ट पोटात ठेवलेली नाही, माझा पूर्ण भरवसा आहे.

लायमन


मिलर्स बेंड
२१ मार्च

लायमन बाळा,

तुझा आजोबा कामातून गेलाय.

टोपीवाला परवा आला. मी त्याला हार्लनच्या शेजारी बसवला, कढईतलं सगळ्यात मोठं टेंडरलॉइन वाढलं, पावाच्या चारी बाजूंनी बाहेर लोंबत होतं. टोपीवाला म्हणाला, "मग, आमचा लायमन कसा आहे?" आणि तुझा आजोबा गप्प. मी काउंटरमागे बशा पुसत उभी. एक बशी तर मी इतकी पुसली की तिच्यावरचं फूल गेलं.

टोपीवाला म्हणाला, "तब्येत बरी आहे ना त्याची?" हार्लनने दोन्ही हातांनी कप धरला. चेहरा बीटासारखा लाल. मी मध्ये पडले, म्हटलं, "सांग की रे हार्लन, लायमनचं काही नवीन?" त्याने माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी त्याच्या बायकोला विष घालून मारलंय. मग म्हणाला, "मला त्या पोराबद्दल कोणी काही विचारू नका," त्याचे डोळे भरले, आणि उठून चालायला लागला.

अर्धं सँडविच ताटात तसंच! लायमन, मी सव्वीस वर्षं हॉटेल चालवतेय. या माणसाने त्याच्या बायकोच्या मयताच्या दिवशीसुद्धा सँडविच संपवलं होतं. टोपीवाला त्या उरलेल्या अर्ध्याकडे बघत बसला. मग त्याने खिशातून पेन्सिल काढली. काय लिहिलं देव जाणे.

मी सांगू का त्याला चड्डीचं? पण मी सांगितलं तर तो विश्वास ठेवणार नाही. गावात सगळ्यांना माहीत आहे, मी फुकटात काही देत नाही.

नेडीन


मिलर्स बेंड
२४ मार्च

लायमन,

तो आला होता. मी एक शब्द बोललो नाही.

तुला वाटत असेल सोपं असतं. नसतं. आता मी नेडीनकडे जातच नाही. घरी डबाबंद सूप खातो. टपालवाला आला तरी दार उघडत नाही, कारण तो विचारतो, लायमन काय म्हणतोय? परवा तर मी कुत्र्याला सांगायला निघालो होतो, पण खिडकी उघडी होती.

नेडीनचा मला संशय येतोय. ती मला बोलतं करायला बघत होती. तिला त्या माणसाने काही दिलं असेल का? काळजी घे.

आणि लायमन, पुन्हा सांगतो, तू स्वतः फेकलंस तर चड्डी ओढायची वेळच येणार नाही.

आजोबा


टोलेडो
१८ एप्रिल

आजोबा,

तुम्ही सामना पाहिला असणारच. पण आतून काय झालं ते मी सांगतो. आधी खुर्चीत बसा, हातातला कप खाली ठेवा.

चड्डीचं खोटं होतं. तुम्ही टोपीवाल्याला सांगाल म्हणूनच मी तुम्हाला सांगितलं होतं. नेडीनमावशी माझ्या बाजूने होती, तिच्यावर संशय घेऊ नका. नंतर तिने कळवलं की तुम्ही गप्प बसलात, तेव्हा मी बॉइडला म्हटलं, माझ्या आजोबांनी आयुष्यात एकदाच तोंड बंद ठेवलं, आणि तेही नेमकं याच वेळी.

तरी म्हटलं, कदाचित कुत्र्यामार्फत काही पोचलं असेल. मैदानात उतरल्या उतरल्या चड्डी ओढली. कोणी बघितलंच नाही. पुन्हा ओढली. ओढून ओढून ती काखेत आली, आणि गॅलरीतून एका बाईने शिट्टी मारली. पण पिओरियाचं कोणी माझ्याकडे बघायलाच तयार नाही. माझ्यासमोर माणूसच उभा राहिना! सगळे बॉइडभोवती. मी पास द्यायला बघतो तर सगळीकडे हातच हात. उत्तरार्धात आम्ही मागे पडलो. गोर्स्कीने टाइमआउट घेतला, क्लिपबोर्ड आपटला, तो फुटला.

मग मी त्यांच्या त्या मिठ्ठास गार्डला विचारलं, "काय रे, माझ्याशी वैर आहे का? जवळ तरी ये." तो म्हणाला, "कशाला? तुझा खांदा गेलाय ना? टोपीवाल्याने स्वतः पाहिलं. तुझं नाव काढल्यावर तुझ्या आजोबांच्या डोळ्यांत पाणी आलं आणि त्यांनी अर्धं सँडविच टाकलं. तो म्हणाला, ज्या म्हाताऱ्याने सँडविच टाकलं त्याचा नातू चेंडू फेकू शकत नाही."

आजोबा, मी तिथेच हसलो, आणि हसताना च्युइंगम पडला. तोच क्षण. खांदा माझा धडधाकट होता. मग मी फेकायला लागलो. मला सवय नाही, पहिला रिंगला लागून गोर्स्कीच्या मांडीवर गेला. पुढचे गेले आत. त्यांना वाटायचं, चुकून गेला. शेवटी बरोबरीत होतो, घड्याळ संपत आलं होतं, चेंडू माझ्या हातात, आणि आता कुठे ते सगळे माझ्या अंगावर धावून आले. तुम्ही ज्यासाठी माझ्या कानीकपाळी ओरडत आलात ते मी केलं.

आत गेल्यावर मी सवयीने बोट दाखवायला हात वर केला, आणि लक्षात आलं, मला पास कोणी दिलेलाच नाही. चेंडू माझा मीच आणला होता. मग कॅमेरा कुठे आहे ते शोधलं आणि त्याच्याकडे बोट दाखवलं. टीव्हीवाले विचारत होते, कोणाला? मी म्हटलं, त्याला कळेल.

मोठ्या लीगचा माणूस खाली आला. ऑक्टोबरमध्ये त्यांच्या शिबिरात बोलावलंय. म्हणाला, "तू फेकतोस हे आम्हाला कोणी सांगितलं नव्हतं." मी म्हटलं, मिलर्स बेंडला या, तिथे एक माणूस आहे, तो सगळं सांगतो.

लायमन


मिलर्स बेंड
२३ एप्रिल

लायमन,

म्हणजे महिनाभर मी डबाबंद सूप खाल्लं ते एका खोट्या चड्डीसाठी!

तुझं पत्र नेडीनला वाचून दाखवलं. तिला वाईट वाटेल असं वाटलं होतं. ती काउंटरला धरून हसत होती. पण सँडविच तिच्याकडून होतं, पूर्ण खाल्लं, तिने पाहिलं.

सामना पाहिला. तेव्हा नेडीनचा संशय होताच, पण शिंगं धरायला दुसरं कोण? ती धरून उभी होती, मी खुर्चीत. शेवटी चेंडू तुझ्या हातात आला आणि मला तुझं तोंड दिसलं. तोंडात च्युइंगम नव्हता. जीभ बाहेर होती. डावीकडे नव्हती, उजवीकडे नव्हती. सरळ समोर, रिंगकडे. लायमन, अख्ख्या अमेरिकेत त्या क्षणी तू काय करणार हे फक्त मला माहीत होतं, आणि मला ते बघवेना. मी डोळे मिटले.

नेडीन किंचाळली म्हणून उघडले, तर ती शिंगं सोडून नाचत होती आणि पडद्यावर नुसत्या मुंग्या. मी ओरडलो, धर, अगं धर! तिने धरली. तर तू उभा, हात लांब केलेला, बोट सरळ माझ्याकडे. मी मागे वळून पाहिलं. मागे फ्रिज होता. मला वाटलं त्याचं दार उघडं राहिलं. उठून बघितलं, बंद होतं.

नेडीन म्हणाली, "अरे वेड्या, तुला दाखवतोय तो."

मी म्हटलं, "मला कशाला? मी काय दिलं त्याला? मी तर तोंडसुद्धा उघडलं नाही."

ती म्हणाली, "तेच."

तरी मला काही कळलं नाही. तुझं पत्र आलं तेव्हा कळलं. मग मी टीव्हीसमोर गेलो, तो बंदच होता, आणि त्याच्याकडे बोट दाखवलं. नेडीन सूपचे डबे आवरायला आली होती, पण ती स्वयंपाकघरात होती, तिने पाहिलं नाही.

शिबिराला स्वेटर ने. ऑक्टोबरमध्ये हवा फसवी असते. त्या लोकांची बस आहे की विमान? विमानाला टायर असतात, ते उतरताना लागतात, कोणालातरी बघायला सांग.

आजोबा

ता. क. तो शेवटचा शॉट त्यांनी नंतर पुन्हा सावकाश दाखवला. या वेळी मी डोळे उघडे ठेवले. बॉइड मोकळा उभा होता, लायमन. त्याला का नाही दिलास?